शेजारधर्म कोठवर?

भोकरदन तालुक्यातल्या धावड्याला एका गुरुजींच्या ओसरीवर बसलो होतो. बोलता बोलता त्यांनी विचारले, "सर, ख्रिस्ती लोक शेजाऱ्यावर प्रीती करायला सांगतात, त्यात नवे काय? आमच्याकडे शेजारधर्म काय कमी आहे? विरजण मागायला शेजारी, लेकीच्या लग्नात मांडव घालायला शेजारी!"

प्रश्न बिनतोड होता. गंमत अशी की, जवळजवळ असाच प्रश्न एका यहुदी शास्त्र्याने येशू ख्रिस्ताला घातला होता. शेजारी म्हणायचे तरी कोणाला? म्हणजे, प्रीती कुठवर करायची आणि कुठे थांबायचे, ती शीव एकदा दाखवून द्या.

येशूने शीव दाखवली नाही, गोष्ट सांगितली. ती लूकच्या शुभवर्तमानात दहाव्या अध्यायात आहे. यरुशलेमहून यरीहोकडे जाणारा रस्ता उताराचा आणि निर्जन. चोरांनी एका वाटसरूला लुटून अर्धमेला करून टाकले. याजक आला, बाजूने निघून गेला. मग लेवी, म्हणजे मंदिराचा सेवेकरी, तोही तसाच गेला. तिसरा आला तो शोमरोनी.

आता इथे जरा थांबू या. यहुदी आणि शोमरोनी यांचे हाडवैर होते. योहानाच्या शुभवर्तमानात विहिरीवरच्या एका शोमरोनी बाईकडे येशू प्यायला पाणी मागतो, तेव्हा ती चकितच होते, की यहुदी असून हा माझ्या हातचे पाणी कसे मागतो? हे काही आपल्याला वेगळे समजावून सांगायला नको. तर असा हा शोमरोनी. त्याने जखमांवर तेल आणि द्राक्षारस घालून पट्ट्या बांधल्या, जखमीला आपल्या जनावरावर बसवून उतारशाळेत नेले आणि मालकाला दोन दीनार दिले. दीनार म्हणजे मजुराची एका दिवसाची मजुरी. शिवाय जास्त खर्च झाला तर परत येताना भरीन म्हणाला. मला हा उधारीचा तपशील फार आवडतो.

शेवटी येशूने शास्त्र्याचा प्रश्नच उलटा केला. शेजारी कोण हे राहू दे, त्या जखमी माणसाचा शेजारी कोण झाला ते सांग. शास्त्र्याला 'शोमरोनी' हा शब्द तोंडातून काढवेना. ज्याने दया केली तो, एवढेच तो बोलला. ऑगस्टीनसारख्या जुन्या भाष्यकारांनी या शोमरोन्यात ख्रिस्तालाच पाहिले आणि जखमी माणसात साऱ्या मानवजातीला. ख्रिस्ती लोक ज्याला देवाची कृपा म्हणतात ती हीच. ती आधी फुकट मिळते, लायकी न पाहता, आणि मग आपल्या हातून पुढे जायची असते. आपण नेहमी स्वतःला देणाऱ्याच्या जागी धरतो. इथे आधी रस्त्यावर पडलेल्याच्या जागी जावे लागते.

हे सारे पॅलेस्टाइनमधले झाले. पण याचा कस आपल्या जालन्यालाही लागला आहे. नारायण शेषाद्री हे देशस्थ ब्राह्मण. १८४३ साली मुंबईत त्यांनी बाप्तिस्मा घेतला. धाकटा भाऊ श्रीपत त्यांच्यामागे गेला, तेव्हा कोर्टाने त्याला आईबापांच्या हवाली केले. पादऱ्यांच्या घरी राहिलेल्या या पोराला जातीत परत घ्यावे की नाही, यावर मुंबईत मोठे वादळ उठले. त्याला परत घ्यावे म्हणून बाळशास्त्री जांभेकर खपले. एका मुलाला त्याच्याच घराचे दार उघडायला एवढा खटाटोप!

पुढे १८६०च्या दशकात शेषाद्री जालन्याला आले. निजामाचे दिवाण सालार जंग यांनी दिलेल्या जमिनीवर त्यांनी बेथेल वसवले. बेथेल म्हणजे देवाचे घर. तिथे जे आले त्यांत मांग समाजातली माणसे पुष्कळ होती. ज्यांची सावलीही टाळावी असे संस्कार घरातून मिळाले, त्यांच्यासाठी हा ब्राह्मणाचा मुलगा १८९१ मध्ये मरण येईपर्यंत राबला. चर्चमधून जात गेली असे मात्र मी म्हणणार नाही. सोयरीक जमवताना ती तिथेही डोके वर काढते.

गुरुजी सारे ऐकून म्हणाले, "गोष्ट वर्गात सांगण्याजोगी आहे. पण शोमरोनी म्हणजे कोण, हे पोरांना कसे सांगू?"

म्हटले, "पोरांनाच विचारा. तुमच्या घरी कोणाच्या हातचे पाणी चालत नाही?"

गुरुजी थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "पोरे सांगतील हो. घरी जाऊन विचारतीलही. पंचाईत होईल ती मोठ्यांची."