नोंदीचा ताळा

बेसबॉल हा अमेरिकेतील लोकप्रिय खेळ आहे. एकोणिसाव्या शतकात पत्रकार हेन्री चॅडविक यांनी त्याच्या गुणपत्रकाला आकार दिला. पूर्वी गुणलेखक सर्व नोंदी कागदावर करीत. आता त्या संगणकातही भरल्या जातात.

सामना संपला म्हणजे नोंद पूर्ण झाली, असे नाही. तिचा ताळा जुळावा लागतो. फलंदाजीस आलेला खेळाडू धाव पूर्ण करतो, बाद होतो किंवा डाव संपताना बेसवर अडकून राहतो. चौथी शक्यता नसते. समजा, नऊ डावांच्या सामन्यात एका संघाने ४ धावा काढल्या, ७ खेळाडू बेसवर राहिले आणि २७ बाद झाले. तर फलंदाजीस आल्याच्या नोंदी ३८ च हव्यात. यात फरक पडल्यास संगणक तो तत्काळ दाखवू शकतो.

मात्र ताळा जुळला म्हणजे नोंद खरी, असेही नव्हे. १९१० साली टाय कॉब याच्या एकाच सामन्यातील कामगिरी अमेरिकन लीगच्या वहीत दोनदा मांडली गेली. त्यामुळे फलंदाजीचे अग्रस्थान त्याला मिळाले आणि नॅप लाजोई मागे पडला. १९८१ साली ही चूक जाहीर झाली, तरी बेसबॉलच्या आयुक्तांनी निकाल बदलला नाही.

शिवाय फलंदाज चांगल्या फटक्यामुळे बेसवर पोहोचला की क्षेत्ररक्षकाच्या चुकीमुळे, हे यंत्र ठरवीत नाही. तो निर्णय अधिकृत गुणलेखकाचा असतो. म्हणून बेरीज यंत्राने तपासली, तरी प्रत्येक नोंद मूळ टिपणाशी पडताळून पाहण्याची जबाबदारी माणसाचीच राहते. खेळाडूचे श्रेय तिच्यावर अवलंबून असते.