बेटापासून मोरीपर्यंत : मुंबईच्या जागेचा अभ्यास

भारतीय सर्वेक्षण विभागाच्या १:५०,००० प्रमाणाच्या नकाशावर जमिनीवरचे ५०० मीटर एका सेंटिमीटरात बसतात. मुंबईच्या बीडीडी चाळीतली १६० चौरस फुटांची खोली १० फूट बाय १६ फूट धरली, तर या नकाशावर तिची लांबी एका मिलिमीटरच्या दहाव्या भागाएवढी होईल. म्हणजे ती दिसणारच नाही. तीच खोली १:५० प्रमाणाच्या आराखड्यात साधारण ६ सेंटिमीटर बाय १० सेंटिमीटर होते. मग तिच्यात मोरी कुठे आहे, दार कुठल्या बाजूला उघडते, पोटमाळा किती पुढे आला आहे आणि रात्री अंथरुणे कशी पडतात, हे सगळे काढता येते. मात्र त्या कागदावर समुद्र नसतो, रेल्वे नसते, गिरणीही नसते.

जागेचा अभ्यास करणाऱ्या शाखा अशा प्रमाणांनुसार वाटल्या गेल्या आहेत. भूगोलाचा अभ्यासक खोरे आणि किनारा पाहतो, नगररचनाकार रस्ते आणि भूखंड पाहतो, वास्तुरचनाकार इमारत पाहतो आणि मानवशास्त्रज्ञ खोलीतला वावर पाहतो. माणसाचे राहणे मात्र असे वाटले जात नाही. खोलीतल्या अंधाराचे कारण पुष्कळदा शहराच्या नियमात असते आणि शहराचा एखादा रस्ता कुणाच्या तरी खोलीतल्या आजारामुळे रुंद झालेला असतो. दोन प्रमाणांना जोडणारे असे सांधे मुंबईत जितके स्पष्ट दिसतात तितके फार थोड्या शहरांत दिसत असतील.

सर्वांत मोठ्या पटावर मुंबई म्हणजे समुद्र हटवून जोडलेली बेटे. वरळी आणि महालक्ष्मी यांच्यामधल्या मोठ्या खिंडारातून भरतीचे पाणी बेटांच्या मधोमध शिरत असे. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात हॉर्नबी वेलार्ड हा बांध घालून ते अडवण्यात आले. पुढे १८३८ मध्ये कुलाब्याचा आणि १८४५ मध्ये माहीमचा कॉजवे झाला. बांधामुळे पाणी आत येणे थांबले, तरी मधली जमीन एखाद्या बशीसारखी खोलगटच राहिली. तिचा बराच भाग शहराचा केरकचरा टाकून भरला गेला. उंचावरची कोरडी जागा आधीच व्यापलेली असल्याने एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात गिरण्या आणि कामगारांच्या चाळी या सखल पट्ट्यात आणि त्याच्या कडेने उभ्या राहिल्या. पावसाळ्यात दादरजवळच्या हिंदमाताच्या परिसरात आजही पाणी तुंबते, त्यामागे हीच जमिनीची ठेवण आहे. मोठ्या भरतीच्या वेळी पर्जन्यजलवाहिन्यांची तोंडे पाण्याखाली जातात आणि आतले पाणी बाहेर पडू शकत नाही.

२६ जुलै २००५ च्या पावसाने मोठ्या पटावरच्या अभ्यासाची गरज शहराला कठोरपणे दाखवून दिली. सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला, तर कुलाब्याला सुमारे ७३ मिलिमीटर. दोन्ही वेधशाळा एकाच शहरातल्या, एकमेकींपासून जेमतेम पंचवीस किलोमीटरवर. जुन्या वाहिन्यांची क्षमता ताशी २५ मिलिमीटर पावसाच्या हिशेबाने ठरवलेली होती. डॉ. माधवराव चितळे यांच्या अध्यक्षतेखालील सत्यशोधन समितीने या पुराचा अभ्यास केला, तेव्हा मिठी नदी चर्चेच्या मध्यभागी आली. पवई आणि विहार तलावांच्या सांडव्यांपासून माहीमच्या खाडीपर्यंत जाणारी ही सुमारे १८ किलोमीटरची नदी त्या दिवसापर्यंत बहुतेक मुंबईकरांच्या लेखी एक नाला होती. विमानतळ आणि वांद्रे-कुर्ला संकुल तिच्या काठावर आणि खाजणावर वाढले होते. खोऱ्याच्या पातळीवर पाहिले असते तर तिचे नदीपण सहज कळले असते. भूखंडाच्या पातळीवर ती फक्त दोन हद्दींमधली रेघ होती.

खोली आणि शहर यांचा सर्वांत घट्ट सांधा मात्र प्लेगने घातला. सप्टेंबर १८९६ मध्ये मांडवी भागात डॉ. अकासिओ गॅब्रिएल व्हिएगस या मूळच्या गोव्याच्या डॉक्टरांनी या साथीचे निदान केले. मांडवी हा बंदराला लागून असलेला धान्याच्या गोदामांचा भाग. आंतरराष्ट्रीय व्यापार, बंदर, गोदाम, घराची भिंत, उंदीर आणि उंदराच्या अंगावरची पिसू अशी ही साखळी होती. सागरी मार्गापासून दोन-तीन मिलिमीटरच्या कीटकापर्यंतची सगळी प्रमाणे तिच्यात एकमेकांना जोडलेली होती. पण साथ आली तेव्हा पिसवेची भूमिका माहीत नव्हती. पॉल-लुई सिमाँ यांनी ती १८९८ मध्ये दाखवली आणि ती सर्वमान्य व्हायला आणखी काही वर्षे गेली. तोवर रोग घरात, ओलीत, कोंदट हवेत आणि अंधारात मुरतो, अशीच अधिकाऱ्यांची समजूत होती. निदान अपुरे होते, आणि शहराची पुनर्रचना त्याच्याच आधारावर सुरू झाली.

१८९८ मध्ये बॉम्बे सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला. दाट वस्त्या पाडून हवा खेळवणारे रस्ते काढणे हे त्याचे मुख्य काम. प्रिन्सेस स्ट्रीट आणि सँडहर्स्ट रोड त्यातूनच आले. पाडलेल्या घरांच्या मानाने नवी घरे फार कमी बांधली गेली. उठवलेली कुटुंबे शेजारच्या चाळींत शिरली आणि तिथली गर्दी आणखी वाढली. रस्त्याच्या नकाशावर सुधारणा दिसत होती, खोलीच्या पातळीवर परिस्थिती बिघडत होती. १९११ च्या जनगणनेनुसार शहरातली दोन-तृतीयांशाहून अधिक माणसे एका खोलीच्या बिऱ्हाडात राहत होती.

याच ट्रस्टच्या कारभारातून एक विलक्षण नियम पुढे आला. ट्रस्टचे अध्यक्ष जे. पी. ऑर यांनी १९१२ च्या सुमारास घरातल्या उजेड-वाऱ्याचा प्रश्न आकडेमोडीने मांडला. खोलीच्या बाहेरच्या भिंतीच्या पायथ्यापासून समोरच्या इमारतीच्या माथ्यापर्यंत रेघ ओढली, तर ती जमिनीशी ६३½ अंशांपेक्षा मोठा कोन करता कामा नये, असा तो नियम. त्याचा व्यवहारातला अर्थ सोपा आहे : समोरची इमारत जितकी उंच, त्याच्या निम्मी तरी मोकळी जागा मध्ये हवी. तळमजल्यावर चूल पेटवणाऱ्या बाईला आभाळाचा किती तुकडा दिसेल, हे या कोनाने ठरवले. आणि दोन इमारतींमधले अंतर ठरले की भूखंडाची रुंदी, गल्लीची रुंदी आणि अखेर एका एकरात किती माणसे राहतील हेही ठरत जाते. एका खोलीच्या खिडकीतून निघालेली रेघ अशी उपनगराच्या नकाशापर्यंत पोहोचते. ट्रस्टच्या दादर, माटुंगा आणि शीवच्या योजनांत मोकळ्या अंतरांचा हा विचार उमटलेला आहे. दादरची हिंदू कॉलनी, पारशी कॉलनी, माटुंग्याच्या तीन-चार मजली इमारती यांच्यात आजही दुपारी खाली ऊन पोहोचते. तिथेच, घरात स्वतंत्र संडास असलेला ‘ब्लॉक’ मुंबईच्या मध्यमवर्गाच्या अंगवळणी पडला. इतिहासकार निखिल राव यांनी ‘हाउस, बट नो गार्डन’ (२०१३) या ग्रंथात या उपनगरांचा जो अभ्यास केला आहे, त्यात भूखंडाची योजना, सदनिकेचा आराखडा आणि तिथे राहायला आलेल्यांच्या सवयी एकत्र वाचल्या आहेत. या क्षेत्रातले ते आदर्श काम म्हणावे लागेल.

सरसकट पाडापाडीला विरोध करणारा मोठा आवाज स्कॉटिश नगररचनाकार पॅट्रिक गेडेस यांचा होता. जीवशास्त्रातून नगररचनेकडे वळलेले गेडेस १९१४ मध्ये भारतात आले आणि १९१९ पासून मुंबई विद्यापीठात समाजशास्त्र आणि नागरशास्त्र या नव्या विभागाचे पहिले प्राध्यापक झाले. त्यांच्यानंतर ही धुरा गो. स. घुर्ये यांनी सांभाळली. गेडेस यांची पद्धत पायी फिरण्याची होती. गल्लीगल्लीतून जायचे, विहीर, झाड, देऊळ, पडीक घर यांची नोंद करायची आणि मगच एखाद-दुसरे मोडकळीला आलेले घर काढून चौक मोकळा करायचा. रुंद रस्त्याची रेघ आधी कागदावर ओढायची नाही. हा मार्ग कमी खर्चाचा असतो आणि त्यात माणसे फारशी उठवावी लागत नाहीत, हे त्यांनी आपल्या अहवालांतून वारंवार मांडले. दुसरीकडे याच गेडेस यांचा ‘दरीचा छेद’ डोंगरमाथ्यापासून समुद्रापर्यंतचा प्रदेश एका रेघेत दाखवतो आणि त्या प्रत्येक पायरीवरचे व्यवसाय व वस्त्या मांडतो. प्रदेश आणि गल्ली या दोन्ही टोकांवर एकाच माणसाची अशी पकड क्वचितच आढळते.

होळकरांच्या इंदूरसाठी त्यांनी केलेला अहवाल १९१८ मध्ये दोन खंडांत प्रसिद्ध झाला. तिथल्या कामातला एक प्रसंग त्यांच्या चरित्रांत नोंदलेला आहे. प्लेगच्या भीतीने ग्रासलेल्या शहरात गेडेस यांनी दिवाळीची मिरवणूक योजली. ज्या रस्त्यांवर घरांची सफाई आणि डागडुजी सर्वांत जास्त झाली असेल, त्याच रस्त्यांवरून ती जाणार, असे जाहीर झाले. शहर झपाटल्यासारखे झाडलोटीला लागले. मिरवणुकीत घाणीच्या राक्षसाचा आणि प्लेगच्या उंदराचा पुतळा होता आणि नव्या झाडूंसह स्वच्छ पांढऱ्या कपड्यांतले सफाई कामगार मानाने चालत होते. दिवाळीआधी घर झाडून काढण्याच्या मूळच्या रीतीलाच त्यांनी नगरनियोजनाचे साधन केले, ही कल्पना शंभर वर्षांनंतरही थक्क करते.

खोलीच्या प्रमाणावरचा अभ्यास दिसायला सोपा, करायला अवघड. मोजपट्टी लावून भिंतींची लांबी मिळते, वापर मिळत नाही. चाळीतल्या खोलीचा एकच आराखडा पुरत नाही. पहाटे पाणी येते तेव्हाचा, दुपारचा, संध्याकाळचा आणि रात्रीचा असे वेगवेगळे आराखडे काढावे लागतात, कारण एकच १६० चौरस फूट जागा पाळीपाळीने स्वयंपाकघर, न्हाणीघर, अभ्यासाची खोली, दुकान आणि निजण्याची जागा होते. गिरणगावात तर पाळीप्रमाणे माणसेही बदलत. रात्रपाळीचा कामगार परतला की दिवसपाळीवाल्याने सोडलेल्या जागेवर निजे. अमेरिकी मानवशास्त्रज्ञ एडवर्ड हॉल यांनी १९६६ मध्ये माणसामाणसांतल्या अंतरांचे टप्पे सांगितले : दीड फुटापर्यंत जवळिकीचे, चार फुटांपर्यंत वैयक्तिक, बारा फुटांपर्यंत सामाजिक. दहा फूट रुंदीच्या खोलीत सहा-सात माणसे राहू लागली की हे टप्पे कोलमडतात. तिथे आडोसा भिंतीपेक्षा नजर वळवण्याने, पाठ फिरवण्याने, गॅलरीत जाऊन उभे राहण्याने तयार होतो. असे वर्तन नकाशावर कसे उतरवायचे, हा या शास्त्रातला खरा कठीण प्रश्न आहे.

गॅलरीचे महत्त्व इथे कळते. गिरगावातल्या जुन्या चाळींत खोल्यांपुढे उघडी गॅलरी आणि मध्ये चौक असतो. वाळवण, गप्पा, मुलांचा अभ्यास, उन्हाळ्यातली झोप हे सगळे तिथे चालते आणि चौकातला कार्यक्रम सर्व मजल्यांवरून दिसतो. केशवजी नाईक चाळीत १८९३ मध्ये सार्वजनिक गणेशोत्सव सुरू झाला, त्याला ही रचना अनुकूल होती. नीरा आडारकर यांनी संपादित केलेल्या मुंबईच्या चाळींवरच्या इंग्रजी ग्रंथाच्या (२०११) नावातही गॅलरीलाच मानाचे स्थान आहे.

१९२० नंतर बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंटने बांधलेल्या बीडीडी इमारतीही ‘चाळ’ याच नावाने ओळखल्या जातात, पण त्यांची रचना वेगळी आहे. वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्ग आणि शिवडी इथे मिळून २०७ इमारती. प्रत्येक तळमजला अधिक तीन मजले, प्रत्येक इमारतीत ८० खोल्या. दोन्ही बाजूंना खोल्या आणि मधून बोळ. त्यामुळे वारा आरपार जात नाही आणि बोळात दिवसाही दिवा लागतो. असे असूनही इथल्या रहिवाशांनी बोळ आणि इमारतींमधली मोकळी पटांगणे यांतून सामाईक जीवन उभे केले.

प्रमाणांची उतरंड जाणीवपूर्वक योजल्याचे उदाहरण खाडीपलीकडे बेलापूरला आहे. चार्ल्स कोरिआ, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी १९६५ मध्ये नव्या मुंबईची कल्पना ‘मार्ग’ नियतकालिकात मांडली आणि १९७० मध्ये ते शहर उभारण्यासाठी सिडको ही संस्था स्थापन झाली. शेकडो चौरस किलोमीटरच्या शहराचा हा विचार करणाऱ्या कोरिआंनीच १९८० च्या दशकात बेलापूरची वसाहत रचली. सात घरांमध्ये सुमारे ८ मीटर बाय ८ मीटरचे अंगण, अशा तीन गटांमध्ये म्हणजे २१ घरांत १२ मीटर बाय १२ मीटरचा चौक आणि पुढे त्याहून मोठी मोकळी जागा. अंगणापासून शहरापर्यंत प्रत्येक टप्प्यावर ही जागा कुणाची, याचे उत्तर मिळते.

मुंबईचे नियम मात्र दरम्यान ऑर यांच्या कोनाकडून चटई क्षेत्र निर्देशांकाकडे, म्हणजे एफएसआयकडे वळले. भूखंडावर एकूण किती बांधकाम होईल हे हा आकडा सांगतो. तळमजल्याच्या खिडकीत ऊन येईल का, हे सांगत नाही. त्यासाठी मोकळ्या अंतराचे वेगळे नियम असतात आणि पुनर्वसनाच्या योजनांत तेच सर्वांत आधी शिथिल होतात. गोवंडी-मानखुर्द भागातल्या लल्लूभाई कंपाउंड आणि नटवर पारेख कंपाउंडसारख्या वसाहतींत बहुमजली इमारतींमध्ये काही ठिकाणी फक्त तीन मीटर अंतर आहे. इमारतीची उंची २४ मीटर धरली तर ऑर यांच्या नियमातला कोन जवळजवळ ८३ अंशांचा होतो. जुन्या नियमाने मध्ये १२ मीटर सोडावे लागले असते. ‘डॉक्टर्स फॉर यू’ आणि आयआयटी मुंबईच्या अभ्यासकांनी या वसाहतींतला उजेड, वारा आणि क्षयरोग यांचा एकत्रित अभ्यास केला, तेव्हा ऊन-वारा न पोहोचणाऱ्या खालच्या मजल्यांवर रोगाचे प्रमाण अधिक असल्याचे आढळले. ऑर यांच्या काळात प्लेगचे कारण म्हणून अंधाराकडे बोट दाखवणे अपुरे होते. हवेतून पसरणाऱ्या क्षयरोगाच्या बाबतीत मात्र कोंडलेली खोली हे खरेच एक कारण ठरते.

बीडीडी चाळींच्या जागी आता म्हाडा ही राज्याची गृहनिर्माण संस्था उंच मनोरे बांधत आहे आणि रहिवाशांना ५०० चौरस फुटांची घरे मिळत आहेत. क्षेत्रफळ तिपटीहून वाढले आणि संडास घरात आला, हा फार मोठा लाभ आहे, विशेषतः बायकांना आणि वृद्धांना. जुन्या इमारती पाडल्या जाण्याआधी खोल्यांची, बोळांची, पटांगणांची आणि त्यांच्या वापराची मापे नोंदवून ठेवणे तातडीचे आहे. मनोऱ्यांमधले अंतर, खालच्या मजल्यांवर पडणारे ऊन, लिफ्टबाहेरच्या जागेचा वापर आणि देखभालीचा मासिक खर्च यांची मोजणी पुढच्या काही वर्षांत करता येईल. शेजारी ठेवायला जुन्या चाळीचा आराखडा असेल तरच ती तुलना होऊ शकेल.