खडकीचा धनराज

पनवेलहून जुन्या मुंबई-पुणे रस्त्याने बोरघाट चढून गेलं, की पुणे शहरात शिरण्याआधी खडकी लागते. दारूगोळा कारखान्याची आणि लष्करी छावणीची ही वस्ती. भारतीय हॉकीचा महान फॉरवर्ड धनराज पिल्ले १६ जुलै १९६८ रोजी इथेच जन्मला. घरात तमिळ, दाराबाहेर मराठी. वडील कारखान्याच्या मैदानाची देखभाल करत. त्या पगारात पाच भावांसाठी नव्या स्टिक कुठून येणार? मोडक्या स्टिक बांधून-जोडून आणि टाकून दिलेले चेंडू घेऊन ही मुलं मऊ काळ्या मातीवर खेळली. धनराजची चेंडूवरची हुकमत त्याच मातीत घडली.

थोरला भाऊ रमेश मुंबईत आरसीएफ कंपनीच्या संघाकडून खेळायचा. त्याच्या मागोमाग धनराज मुंबईत आला, महिंद्राच्या संघात गेला, प्रशिक्षक जोकिम कार्व्हालोंच्या हाताखाली तयार झाला. १९८९ मध्ये भारतीय संघाचा पोशाख अंगावर चढला तो थेट २००४ पर्यंत.

तो काळ भारतीय हॉकीला सोपा नव्हता. १९७६ च्या मॉन्ट्रिअल ऑलिम्पिकपासून गवत जाऊन कृत्रिम मैदान आलं होतं, खेळात वेग आणि ताकद यांचं वजन वाढलं होतं. अशा वेळी हा सडपातळ माणूस केस उडवत, चेंडू स्टिकला चिकटल्यासारखा घेऊन बचावफळीत घुसायचा. एकदा का तो सुटला, की गोल तरी व्हायचा नाहीतर पेनल्टी कॉर्नर तरी मिळायचा.

चार ऑलिम्पिक, चार विश्वचषक, चार चॅम्पियन्स ट्रॉफी आणि चार आशियाई स्पर्धा ही त्याची कारकीर्द. यातली १९९८ ची बँकॉकची आशियाई स्पर्धा मला सर्वांत मोठी वाटते. धनराजच्या नेतृत्वाखाली भारताने अंतिम सामन्यात दक्षिण कोरियाला पेनल्टी स्ट्रोकवर हरवलं आणि १९६६ नंतर, म्हणजे ३२ वर्षांनी, सुवर्ण परत आणलं. त्यानंतर काय व्हावं? कर्णधारासह अनेक ज्येष्ठ खेळाडूंना संघातून वगळण्यात आलं. हा अन्याय होता, आणि तो आजही सलतो. तरी तो परतला. २००० च्या सिडनी ऑलिम्पिकमध्ये पोलंडने अगदी शेवटी बरोबरी साधली, भारताची उपांत्य फेरी हुकली, आणि धनराजला रडू आवरलं नाही. २००३ मध्ये क्वालालंपूरला आशिया चषक मात्र त्याच्याच नेतृत्वाखाली जिंकला.

खेलरत्न मिळालं, पद्मश्री मिळाली. ऑलिम्पिक पदक तेवढं राहून गेलं.

एक गोष्ट मनाला लागते. त्याच्या ३३९ आंतरराष्ट्रीय सामन्यांची नोंद सापडते, पण गोलांची अधिकृत मोजदादच झालेली नाही. १७० च्या आसपास हा अंदाज. कुणाच्या घरी त्या काळातली वर्तमानपत्रांची कात्रणं असतील, तर कृपा करून ती रद्दीत घालू नका.