रजाचिठ्ठी

सुरतच्या पांडेसऱ्यात नव्याने आलेल्या खानदेशी माणसाला ‘रजाचिठ्ठी’ म्हटलं की मिलमधल्या सुट्टीचा अर्ज आठवतो. गुजरातीत रजा म्हणजे परवानगीसुद्धा. त्यामुळे महापालिकेची रजाचिठ्ठी म्हणजे आपल्याकडे ज्याला ‘प्लॅन पास झाला’ म्हणतात ती बांधकामाची मंजुरी.

समजा, डाइंग-प्रिंटिंग मिलमध्ये वीस वर्षं काढलेल्या नंदुरबारच्या कुटुंबाला पत्र्याचं घर पाडून दोन मजले चढवायचे आहेत. अर्ज केला, फी भरली, पोच मिळाली. पुढे काहीच नाही. अशा वेळी कोणीतरी जाणकार शेजारी सांगतो, “तीन महिने झाले ना? मग बांधा बिनधास्त.”

शेजारी अगदीच चुकीचं सांगत नाही. गुजरातच्या 1976 च्या नगररचना कायद्यातलं कलम 29 म्हणतं की तीन महिन्यांत निर्णय कळवला नाही, तर परवानगी मिळाली असं मानावं. महाराष्ट्राच्या 1966 च्या कायद्यात कलम 45 खाली हीच मुदत साठ दिवसांची आहे. मात्र पालिकेने एखादी शंका काढली असेल, तर हे साठ दिवस अर्जदाराच्या उत्तरापासून मोजायचे. एकेक त्रुटी काढत मुदत पुढे ढकलण्याची कला कुठून आली, हे त्या ओळीवरून कळतं!

शेजारी अर्धंच सांगतो. गप्प बसलेल्या पालिकेने मंजुरी दिली असं मानलं, तरी नकाशा नियमात बसणारा हवा. महाराष्ट्राच्या कलमात तशी अटच लिहिलेली आहे. रस्त्याच्या बाजूने सोडायची जागा सोडलीच नसेल, तर तीन महिने काय, तीन वर्षं लोटली तरी तो मजला कायदेशीर होत नाही.

दुसरा पेच जास्त जिव्हारी लागणारा आहे. अर्ज पडून असताना नियमच बदलले तर? पुणे कँटोन्मेंटच्या हद्दीतला असाच वाद सर्वोच्च न्यायालयात गेला होता. उस्मान गनी खत्री प्रकरणाच्या 1992 च्या निकालात न्यायालयाने सांगितलं की नकाशा मंजूर होताना जे नियम लागू असतील, तेच पाहायचे. अर्ज केला त्या दिवशीचे नाहीत. 2003 मध्ये हावडा महापालिका विरुद्ध गँजेस रोप कंपनी या खटल्यात तर उच्च न्यायालयाने निर्णयासाठी मुदत घालून दिली होती. तरीही नुसत्या अर्जाने हक्क पक्का होत नाही, असंच सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं. उशीर पालिकेचा, तोटा अर्जदाराचा. कायद्याच्या दृष्टीने हे बरोबर असेलही, पण मला ते आजवर पचलेलं नाही.

मग कोर्टात जाऊन मिळतं काय? घटनेच्या कलम 226 खाली रिट याचिका करता येते. पण न्यायालय सहसा मंजुरी देत नाही. अमुक आठवड्यांत निर्णय घ्या, एवढंच पालिकेला बजावतं. त्यासाठी सुरतच्या माणसाला अहमदाबादला सोल्याचं उच्च न्यायालय गाठावं लागतं. मिलमधली पाळी बुडते ती वेगळीच. इथे मात्र रजाचिठ्ठी खरोखर सुट्टीचीच लागते.

म्हणून दाटीवाटीच्या वस्त्यांत बरेच जण अर्जाच्या वाटेला जातच नाहीत. जमीन बिनशेती झालेली नसते, कुठे टीपी स्कीम, म्हणजे नगररचना योजना, अंतिम झालेली नसते. घर आधी उभं राहतं, कागद मागून येतो. गुजरात सरकारने 2022 मध्ये 1 ऑक्टोबरपूर्वीची अनधिकृत बांधकामं इम्पॅक्ट फी घेऊन नियमित करण्याचा कायदा आणला. तसा तो 2011 मध्येही आणला होता. नियमाने अर्ज करून थांबलेल्याला यातून काय कळायचं ते कळतं. अनेकांना वाटतं की वेराबिल, म्हणजे घरपट्टीचं बिल, नावावर आलं म्हणजे घर पक्कं झालं. पण कर भरल्याने बांधकाम कायदेशीर होत नाही.

तरी मंजुरीची तपासणी हा निव्वळ छळ नाही. जुलै 2024 मध्ये इथून जवळच, सचिनच्या पाली गावात राहती इमारत कोसळून सात माणसं गेली. ती जुनी वास्तू नव्हती. बांधून दहा वर्षंही झाली नव्हती.

आपल्या नंदुरबारच्या कुटुंबाने शेजाऱ्याचं ऐकून वीट रचण्याआधी दोन गोष्टी पाहाव्यात: पोचपावतीवर तारीख आहे का, आणि आलेल्या प्रत्येक त्रुटीपत्राला लेखी उत्तर गेलं आहे का. वकील पहिल्यांदा तेवढंच विचारतो.