सासनकाठी

कोल्हापूर जिल्ह्यातील जोतिबाच्या चैत्र यात्रेत गावोगावचे भाविक देवाच्या भेटीस नेतात ती बांबूची उंच, शृंगारलेली काठी. जोतिबाचे मंदिर कोल्हापूरच्या वायव्येस सु. १८ किमी.वर वाडी रत्नागिरी (ता. पन्हाळा) येथील डोंगरावर आहे. ‘सासन’ हे ‘शासन’ (आज्ञा, अधिकार) या संस्कृत शब्दाचे रूप मानतात. काठी हे देवाच्या सत्तेचे, तसेच ती वाहणाऱ्या गावाच्या मानाचे चिन्ह होय.

काठीसाठी सरळ व लवचिक कळक निवडतात. तिची उंची सामान्यतः ३० ते ४० फूट, क्वचित त्याहूनही अधिक असते. तिला रंगीत वस्त्रे गुंडाळून फुलांच्या माळा बांधतात व शेंड्याशी निशाण लावतात. बुंध्याचा भार काही जण पेलतात. वरच्या भागास बांधलेले दोर (तोरण्या) इतर जण सभोवती ताणून धरतात. हलगी-पिपाणीच्या तालावर काठी नाचविताना ती ज्या बाजूस कलते, तिच्या विरुद्ध बाजूचा दोर तत्काळ ओढावा व कलाच्या बाजूचा सैल सोडावा लागतो. यात चूक झाल्यास भर गर्दीत काठी कोसळण्याचा धोका असतो. त्यामुळे काठी नाचविणे हे एकट्या बलवानाचे काम नसून ते गावकऱ्यांच्या परस्परमेळावर अवलंबून असते.

रब्बीची सुगी आटोपल्यावर, वसंत ऋतूत ही यात्रा येते. अनेक गावांत गुढी पाडव्यास काठी उभारतात. चैत्री पौर्णिमेस मानाच्या काठ्या ठरलेल्या क्रमाने निघतात, पहिला मान पाडळी (जि. सातारा) या गावाचा आहे. काठ्यांवर गुलाल-खोबरे उधळतात, ‘चांगभलं’चा गजर होतो आणि देवास सुगंधी दवणा वाहतात. सायंकाळी जोतिबाची पालखी यमाईच्या मंदिराकडे जाते. तेथे यमाईचा विवाह जमदग्नीचे प्रतीक असलेल्या कट्यारीशी लावतात.

वसंतात शृंगारलेला उंच स्तंभ उभारण्याची प्रथा इतरत्रही आढळते. हंगेरीत मे महिन्याच्या प्रारंभी तरुण मुले फिती लावलेले झाड मुलीच्या घरापुढे रोवतात. ते झाड जागीच उभे राहते. सासनकाठी मात्र गावाबरोबर चालते. मानाचा क्रम पिढ्यान्‌पिढ्या जपला जात असल्याने एखाद्या वर्षीची अनुपस्थितीही गावास खटकते. कोविड–१९ च्या साथीमुळे २०२० व २०२१ मध्ये यात्रा नेहमीप्रमाणे भरली नाही. २०२२ मध्ये गावोगावच्या काठ्या पुन्हा डोंगरावर आल्या.