क्षारांची नावनिशी

मलकापूर आणि नांदुरा यांच्या दरम्यान महामार्गावर वसलेल्या वडनेर भोलजी या गावाच्या उत्तरेकडून वाहणारी पूर्णा नदी ज्या खारपाणपट्ट्यातून तापीकडे जाते, तेथील अनेक विहिरींचे पाणी तोंडात धरवत नाही, ही गोष्ट अमरावती, अकोला व बुलढाणा या तिन्ही जिल्ह्यांना पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहे. परंतु ‘खारे’ या एका विशेषणाने ज्याची आपण बोळवण करतो, त्या पाण्यात परस्परविरुद्ध स्वभावाचे अनेक घटक नांदत असतात.

हे घटक म्हणजे आयन. सोडियमचा अणू एक इलेक्ट्रॉन गमावून धनप्रभारित होतो, क्लोरीनचा अणू तो स्वीकारून ऋणप्रभारित होतो, आणि मीठ पाण्यात विरघळले की दोघे विभक्त होऊन संचार करू लागतात. ‘आयन’ ही संज्ञा मायकेल फॅरेडेने 1834 मध्ये रूढ केली. विद्राव्य क्षार पाण्यात आपसूकच आयनांत विभागतात, असे प्रतिपादणाऱ्या स्वांते अऱ्हेनियसच्या 1884 च्या प्रबंधाला मात्र उप्साला विद्यापीठाने हलकी श्रेणी दिली. त्याच सिद्धान्तासाठी त्याला 1903 चे नोबेल पारितोषिक मिळाले, यावरून परीक्षकांच्या निकालाचे मोल वाचकांनी स्वतःच ठरवावे.

आयन डोळ्यांना दिसत नाहीत, तरी त्यांची खातरजमा करता येते. सोडियम ज्योतीला गर्द पिवळा रंग देतो, पोटॅशियम फिकट जांभळा, तर कॅल्शियम विटकरी. नायट्रिक आम्लाने आम्लधर्मी केलेल्या नमुन्यात सिल्व्हर नायट्रेट घातल्यावर पांढरा साका पडला तर क्लोराइडचा संशय बळावतो. तशाच नमुन्यात बेरियम क्लोराइडने पांढरा साका दिला तर सल्फेटचा. आणि आम्ल पडताच फसफसून निघालेल्या वायूने चुन्याची निवळी दुधाळ झाली तर कार्बोनेट किंवा बायकार्बोनेट हाती लागले असे समजावे.

ओळख पटल्यावर नाव देणे सोपे, कारण 1787 मध्ये लाव्हाझिए व त्याच्या सहकाऱ्यांनी घालून दिलेल्या दंडकानुसार पदार्थाचे नाव हाच त्याच्या घटनेचा दस्तऐवज असतो. धन आयन आधी, ऋण आयन नंतर; एकाच मूलद्रव्याचा ऋण आयन असेल तर शेवटी ‘आइड’, ऑक्सिजनयुक्त मूलक असेल तर बहुधा ‘एट’, आणि त्याच कुळात ऑक्सिजन कमी असेल तर ‘आइट’. दोन क्लोराइड आयन असूनही कॅल्शियम क्लोराइडच्या नावात ‘दोन’ येत नाही, कारण कॅल्शियमवर दोन धनप्रभार असल्याने ते प्रमाण प्रभारांच्या समतोलातूनच निश्चित होते. लोहासारखे धातू मात्र एकाहून अधिक प्रभार धारण करतात, म्हणून फेरस व फेरिक असा भेद नावातच नोंदवावा लागतो. हिराकस म्हणजे फेरस सल्फेट, फेरिक नव्हे.

बुलढाणा जिल्ह्यातील लोणारच्या सरोवराभोवती काच आणि साबण यांची सामग्री मिळते व सोऱ्याच्या कामातून महसूल येतो, अशी नोंद ‘ऐन-ए-अकबरी’त आहे. तेथील क्षारांना मात्र दल्ला, निमक दल्ला, खुप्पल, पापडी, भुसकी अशी नावे होती. व्यापाऱ्याला ती पुरेशी होती. परंतु सोडियम कार्बोनेट, बायकार्बोनेट व क्लोराइड यांचे प्रमाण जिनसागणिक बदलत असे, आणि नावावरून त्याचा थांग लागणे अशक्य होते.

पाण्यात कोणता आयन किती, हा भेद पूर्णाकाठच्या शेतकऱ्याला पैशांत मोजावा लागतो. काळ्या चिकण मातीच्या कणांना सोडियम चिकटून राहिला की ती ओली असता फुगते, पाणी मुरू देत नाही आणि वाळल्यावर दगडासारखी होते. अशा जमिनीत जिप्सम, म्हणजे स्फटिकजलयुक्त कॅल्शियम सल्फेट, मिसळल्यास कॅल्शियम मातीवरील सोडियमची जागा घेतो व सुटा झालेला सोडियम सल्फेटच्या रूपाने निचऱ्याच्या पाण्याबरोबर वाहून जातो. निचराच नसेल, तर जिप्समचा खर्च वाया जातो. तेव्हा विहिरीचे पाणी व शेतातील माती तपासणीस देताना ‘खारे आहे का’ एवढेच न विचारता, सोडियम किती, कॅल्शियम व मॅग्नेशियम किती, बायकार्बोनेट किती, हे नावनिशीवार लिहून मागावे.