ओल्ड स्ट्रीटचे सेंट ल्यूक : एका परित्यक्त चर्चचा इतिहास व वास्तुरचना

वास्तूचा इतिहास लिहिताना तिच्या उभारणीचा काळ तेवढा विचारात घ्यावा, अशी आपल्याकडे रीत पडून गेली आहे. परंतु ज्या प्रयोजनासाठी वास्तू उभारली ते प्रयोजनच संपुष्टात आले, तर त्या वास्तूत अभ्यसनीय असे काय उरते, हा प्रश्नही तितकाच महत्त्वाचा आहे. लंडनमधील ओल्ड स्ट्रीटवरचे सेंट ल्यूक हे अँग्लिकन चर्च या प्रश्नाचे बोलके उदाहरण होय.

इ. स. १७११ साली ब्रिटिश पार्लमेंटाने लंडन, वेस्टमिन्स्टर व त्यांची उपनगरे यांकरिता पन्नास नवी चर्चे बांधण्याचा कायदा संमत केला. झपाट्याने वाढणाऱ्या वस्तीला अधिकृत पंथाची प्रार्थनास्थळे अपुरी पडत होती. खर्चाची तरतूद कोळशावरील करातून व्हावयाची होती; पण पहिल्या काही चर्चांवरच इतका पैसा खर्ची पडला की, पन्नासांपैकी जेमतेम डझनभर चर्चे प्रत्यक्षात आली. सेंट ल्यूक हे त्यांतील शेवटच्या काही चर्चांपैकी एक. १७२७ मध्ये सुरू झालेले हे काम १७३३ मध्ये पूर्ण झाले. क्रिपलगेट येथील सेंट जाइल्सच्या विस्तीर्ण पॅरिशमधून या चर्चची नवी पॅरिश वेगळी काढण्यात आली.

चर्चचे वास्तुकार दोन : जॉन जेम्स व निकोलस हॉक्समूर. मुख्य इमारत जेम्सची मानली जाते. तिची रचना साधी आयताकृती असून आत दोन्ही बाजूंस सज्जे होते. पश्चिमेकडील मनोऱ्याचे श्रेय हॉक्समूरला दिले जाते, आणि चर्चची खरी ओळख तोच. इंग्लिश चर्चच्या मनोऱ्यावर एरवी निमुळते शिखर असते. येथे त्याऐवजी उभ्या पन्हळींचा दगडी ऑबेलिस्क, म्हणजे प्राचीन मिसर देशातील सूच्यग्र स्तंभाचा आकार, बसविलेला आहे. ख्रिस्ती उपासनेच्या माथ्यावर ख्रिस्तपूर्व संस्कृतीचे हे चिन्ह चढविण्यात हॉक्समूरची पुरातन वास्तुकलेविषयीची ओढ स्पष्ट दिसते. प्रसिद्ध मुद्राक्षरकार विल्यम कॅस्लन (मृत्यू १७६६) याची कबर याच चर्चच्या आवारात आहे.

चर्चच्या अडचणीचे मूळ त्याच्या पायात होते. जमीन खचल्यामुळे इमारत धोकादायक ठरली आणि १९५९ मध्ये ती बंद करण्यात आली. पुढे सुरक्षिततेसाठी छप्परही उतरविले गेले. बाप्तिस्म्याचे कुंड व वेदीमागील नक्षीदार पडदी होबर्नच्या सेंट अँड्र्यू चर्चमध्ये गेली. ऑर्गनचा लाकडी सांगाडा सेंट जाइल्समध्ये गेला. म्हणजे ज्या मातृचर्चपासून ही पॅरिश विभक्त झाली होती, त्याच्याकडेच तिच्या ठेव्याचा एक अंश परतला. यानंतर सुमारे चाळीस वर्षे चार भिंती व मनोरा एवढेच उघड्या आकाशाखाली उभे होते.

अशा भग्नावशेषाचा शेवट कसा होऊ शकतो, हे त्याच्या जुळ्या भावंडावरून कळते. हॉर्सलीडाउन येथील सेंट जॉन हे चर्चही याच दोघा वास्तुकारांनी याच वर्षांत बांधले. १९४० च्या बाँबहल्ल्यात त्याची मोठी हानी झाली, १९४८ मध्ये वरचा भाग पाडण्यात आला आणि उरलेल्या पायावर पुढे कचेरीची इमारत उभी राहिली. तेथील शिखर आज केवळ चित्रांतून पाहावे लागते.

सेंट ल्यूकचे दैव निराळे ठरले. लेव्हिट बर्नस्टाइन या वास्तुकार-संस्थेच्या आराखड्यानुसार त्याचे रूपांतर होऊन २००३ मध्ये ते लंडन सिंफनी ऑर्केस्ट्राचे संगीतदालन व शिक्षणकेंद्र बनले. बाहेरच्या गोंगाटापासून दालन अलिप्त राहावे यासाठी वजनदार छप्पर आवश्यक होते. त्याला आधार देण्यासाठी दालनात फांद्या फुटल्यासारखे चार पोलादी खांब उभे करण्यात आले. आतील भिंतींना नवा गिलावा न देता त्यांचे उघडे, खरबरीत रूप जपले आहे. त्यामुळे अठराव्या शतकातील बांधकाम, मधल्या काळातील पडझड व आजचा वापर हे तिन्ही थर प्रेक्षकाला एकाच वेळी वाचता येतात.

या रूपांतराला एक किंमतही होती. तळघर व आवार यांतील एक हजाराहून अधिक दफने उकरून त्यांचे अवशेष अन्यत्र पुरावे लागले. अभ्यासकांना त्यांतून लंडनच्या जुन्या रहिवाशांविषयी बहुमोल माहिती मिळाली. परंतु येथेच चिरविश्रांती मिळेल या विश्वासाने ज्यांना पुरले होते, त्यांना जागा सोडावी लागली, हे नोंदविल्यावाचून या चर्चचा इतिहास पूर्ण होत नाही.

यावरून असे म्हणता येईल की, परित्यक्त वास्तूचे रक्षण म्हणजे तिचे मूळ रूप परत आणणे नव्हे. सेंट ल्यूकमध्ये उपासना परतली नाही आणि जुने छतही परतले नाही. तथापि समुदायाने एकत्र बसून श्रवण करावे ही त्या दालनाची मूळ वृत्ती टिकली, आणि तिच्यामुळेच हॉक्समूरचा ऑबेलिस्क चित्रात न राहता आपल्या जागी उभा राहिला.